आत्मवाचक ‘से’ आणि मराठीतील ‘आपण’



१७७८ साली रोम शहरात, कॅथलिक धर्मप्रसार मंडळाच्या मुद्रणालयात, मराठी भाषेचे एक व्याकरण छापले गेले. ते पोर्तुगीज भाषेत लिहिलेले होते आणि मराठी मुलखात काम करणाऱ्या मिशनरी पाद्र्यांसाठी होते. त्यानंतर १८०५ साली विल्यम कॅरी यांचे इंग्रजीतील मराठी व्याकरण बंगालमधील श्रीरामपूर येथे प्रसिद्ध झाले. दादोबा पांडुरंग यांचे व्याकरण आले ते १८३६ साली. मराठीच्या व्याकरणाची छपाई महाराष्ट्राबाहेर, परक्या भाषांच्या आश्रयाने सुरू झाली, ही गोष्ट महाराष्ट्राबाहेर मराठी शिकविणाऱ्या शाळेच्या हीरक महोत्सवात स्मरणात ठेवण्याजोगी आहे.

रोमच्या त्या व्याकरणाचे शीर्षक लांबलचक आहे. निजामशाहा आणि आदिलशाहा यांच्या राज्यांत वापरली जाणारी, सर्वांत प्रचलित अशी मराठी, असा त्याचा आशय. ग्रंथ छापला गेला तेव्हा निजामशाही बुडून सुमारे एकशे चाळीस वर्षे झाली होती आणि आदिलशाही संपूनही नव्वद वर्षे उलटली होती. राज्ये गेली, पण त्यांची नावे मुलखाला चिकटून राहिली. या शीर्षकात ‘के से प्रातिका’ असे तीन छोटे शब्द आहेत. ‘प्रातिका’ म्हणजे ‘वापरतो’ किंवा ‘वापरते’. मधला ‘से’ आला की अर्थ होतो ‘जी वापरली जाते’. कोण वापरते, हे वाक्यात कोठेच नाही. या ‘से’चा विचार हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे. पोर्तुगीजमधील आत्मवाचक क्रियापदे या ‘से’वर उभी आहेत, आणि ती भाषा शिकणारे बहुतेक जण प्रथम येथेच अडखळतात. शाळेत मराठी व्याकरण नीट शिकलेल्या माणसाला मात्र येथे अडखळण्याचे फारसे कारण नाही, हे येथे दाखवावयाचे आहे.

पोर्तुगीज ही मराठी माणसाला सर्वस्वी परकी भाषा नाही. वसईच्या किल्ल्यावर १५३४ पासून १७३९ पर्यंत पोर्तुगीज सत्ता होती. गोव्यात ती १५१० पासून १९ डिसेंबर १९६१ पर्यंत टिकली. या काळात बटाटा, पाव, चावी, बादली, कोबी, फीत, घमेले, बिजागरी असे कितीतरी शब्द मराठीच्या घरात आले आणि इतके रुळले, की त्यांचे मूळ सांगावे लागते. पण या पाहुण्यांची यादी पाहिली तर ती जवळजवळ सगळी नामांची आहे. ‘पगार’ हा शब्दसुद्धा मुळात ‘पागार’, म्हणजे ‘पैसे चुकते करणे’, या क्रियापदाचा. मराठीत आला तो नाम होऊन. वस्तूंची नावे जहाजातून उतरली, क्रियापदे आणि त्यांची वळणे मागे राहिली. म्हणून ‘से’ मराठी माणसाला ओळखीचा नाही. त्याचे काम मात्र ओळखीचे आहे.

प्रथम या ‘से’चे रूप पाहू. (येथे पोर्तुगीज शब्द त्यांच्या लेखनाला धरून देवनागरीत दिले आहेत, प्रत्यक्ष उच्चार प्रदेशानुसार थोडे बदलतात.) ‘लावार’ म्हणजे धुणे, न्हाऊ घालणे. ‘एला लावा ओ मेनीनो’ म्हणजे ती मुलाला न्हाऊ घालते. ‘एला लावा-से’ म्हणजे ती न्हाते, शब्दशः ती स्वतःला धुते. कर्त्याचा पुरुष बदलला की ‘से’ही बदलतो: ‘मी’साठी ‘मे’, ‘तू’साठी ‘ते’, ‘आम्ही’साठी ‘नॉस’, जुन्या ‘तुम्ही’साठी ‘वॉस’, आणि तृतीय पुरुषात एकवचनी व अनेकवचनी दोन्हीकडे ‘से’. पहिल्या भेटीत माणूस स्वतःचे नाव सांगतो तेच मुळी या रचनेत: ‘शामो-मे’ अमुक, म्हणजे ‘मी स्वतःला अमुक म्हणवितो’. समोरच्याला आदराने विचारावयाचे तर ‘कोमो से शामा?’ पोर्तुगीजचा पहिला धडा ‘से’वाचून पुरा होत नाही.

आता मराठीकडे वळावे. मराठीत न्हाणे आणि न्हाऊ घालणे, उठणे आणि उठविणे, बसणे आणि बसविणे, निजणे आणि निजविणे अशा जोड्या आहेत. या जोड्यांत मूळ क्रियापद स्वतःपुरते आहे. माणूस उठतो, बसतो, निजतो. क्रिया दुसऱ्यावर घडवावयाची असेल तेव्हा मराठी धातूला ‘व’ जोडते किंवा ‘घालणे’सारखे सहायक क्रियापद घेते. शाळेत यालाच प्रयोजक क्रियापद म्हणून शिकविले जाते. पोर्तुगीजमध्ये या क्रियांची दिशा नेमकी उलटी आहे. ‘लेवान्तार’ म्हणजे उचलणे, उठविणे. ‘लेवान्तार-से’ म्हणजे उठणे. ‘सेन्तार’ म्हणजे बसविणे. ‘सेन्तार-से’ म्हणजे बसणे. ‘देइतार’ म्हणजे आडवे करणे, निजविणे. ‘देइतार-से’ म्हणजे निजणे. तेथे मूळ क्रियापद दुसऱ्याकडे धावते आणि ‘से’ त्याला कर्त्याकडे परत आणतो.

ही एक गोष्ट पक्की झाली, की अर्धी वाट सरली. मराठीत ‘व’ जोडून क्रिया बाहेर जाते. पोर्तुगीजमध्ये ‘से’ जोडून क्रिया घरी येते. मराठी बोलणारा विद्यार्थी ‘मी सहा वाजता उठतो’ हे वाक्य करताना ‘उठतो’ या एका शब्दासाठी एकच शब्द शोधतो आणि ‘लेवान्तो’ एवढेच म्हणून थांबतो. लिस्बनचा शिक्षक लगेच विचारील, ‘काय उचलता?’ कारण ‘मे’वाचून ते वाक्य ‘मी सहा वाजता उचलतो’ असे होते. ‘लेवान्तो-मे’ म्हटले की शंका मिटते. विद्यार्थ्याने स्वतःला एकच प्रश्न विचारावा: मराठीत या क्रियापदाला ‘व’ लावून प्रयोजक रूप होते का? होत असेल, तर पोर्तुगीजमध्ये मूळ क्रियापदाचा अर्थ बहुधा त्या प्रयोजक रूपाचा असण्याचा संभव आहे आणि साध्या रूपासाठी ‘से’ शोधावा. हा नियम सर्वत्र लागू पडत नाही. पडणे म्हणजे ‘काइर’, धावणे म्हणजे ‘कोर्रेर’. तेथे ‘से’ लागत नाही. पण दिशा ओळखण्यासाठी ही खूण पुरेशी उपयोगी आहे.

‘से’चे मराठीशी नाते याहूनही जुने आहे. पोर्तुगीज ‘से’ हा लॅटिन ‘से’चा थेट वारस, आणि लॅटिन ‘से’ व संस्कृत ‘स्व’ ही एकाच प्राचीन मूळ शब्दाची रूपे. ‘स्वतः’ म्हणताना मराठी माणूस आणि ‘से’ म्हणताना पोर्तुगीज माणूस एकाच दूरच्या पूर्वजाचे नाव घेतो. मराठीचा दुसरा आत्मवाचक शब्द ‘आपण’ हा ‘आत्मन्’पासून प्राकृत ‘अप्पण’च्या वाटेने आला. शब्द बाजूला ठेवून केवळ कल्पना पाहिली, तरी संस्कृत वैयाकरणांनी ती फार पूर्वी हेरली होती. त्यांनी क्रियापदांच्या रूपांचे दोन वर्ग केले आणि त्यांना परस्मैपद व आत्मनेपद अशी नावे दिली: दुसऱ्यासाठीचे पद आणि स्वतःसाठीचे पद. नेहमीचे उदाहरण यज्ञाचे. ऋत्विज यजमानासाठी यज्ञ करतो तेव्हा ‘यजति’. यजमान स्वतःच्या फळासाठी करतो तेव्हा ‘यजते’. क्रियेचे फळ कोणाकडे जाते, हे क्रियापदाच्या रूपातच सांगितलेले.

मराठीत आत्मनेपद उरले नाही. त्याची जागा मराठीने ‘घेणे’ आणि ‘देणे’ या दोन क्रियापदांनी भरून काढली. ‘मी पत्र लिहून दिले’ आणि ‘मी पत्र लिहून घेतले’, ‘समजावून दिले’ आणि ‘समजून घेतले’ यांतील फरक मराठी मूल शाळेत येण्यापूर्वीच जाणते. खरेदीखताच्या आरंभी ‘लिहून घेणार’ आणि ‘लिहून देणार’ ही दोन पदे येतात. त्या एका ‘घेणार-देणार’वर कोण मालक होणार आणि कोण हक्क सोडणार, हे ठरते. मराठीच्या जुन्या दस्तऐवजांनी क्रियेची दिशा अशी चोख सांभाळली आहे.

पोर्तुगीज दस्तऐवजात हेच काम ‘से’कडे असते. ‘ओब्रीगार’ म्हणजे बांधून घालणे, भाग पाडणे. करारात ‘ओब्रीगा-से आ पागार’ असे लिहिले असेल, तर कर्ता पैसे चुकते करण्यास स्वतःला बांधून घेतो. ‘से’ नजरेआड करून ‘ओब्रीगा’ एवढेच वाचले, तर तो दुसऱ्या कोणाला तरी भाग पाडतो, असा अर्थ लागतो. देणेकरी आणि घेणेकरी यांची अदलाबदल होण्यास दोन अक्षरे पुरतात. गोव्यात आजही जमिनीचे, वारसाचे आणि नोंदणीचे जुने कागद पोर्तुगीजमध्ये आहेत; १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेतील कौटुंबिक कायदा तेथे अद्याप आधारभूत आहे. गोव्याशी मुळे जोडलेल्या मराठी कुटुंबांत आजोबांच्या पेटीतून असा एखादा कागद निघतो, तेव्हा शब्दकोश जवळ असून भागत नाही. शब्दकोशात ‘ओब्रीगार’ सापडतो. तो कोणाला बांधतो, हे व्याकरण सांगते.

आता ‘से’ची वेगवेगळी कामे क्रमाने पाहावीत. पहिले काम सरळ आत्मवाचक: क्रिया करणारा आणि क्रिया भोगणारा एकच. ‘एले जुल्गा-से साबियो’ म्हणजे तो स्वतःला शहाणा समजतो. येथे मराठीतही ‘स्वतःला’ येते आणि दोन्ही भाषा हातात हात घालून चालतात.

दुसरे काम परस्परांचे. ‘आजुदाम-से’ म्हणजे ते एकमेकांना मदत करतात. पण ‘ते स्वतःला मदत करतात’ असाही अर्थ संभवतो. एका ‘से’वर दोन ओझी पडल्यामुळे संदिग्धता येते, आणि ती टाळण्यासाठी पोर्तुगीज माणूस ‘उम आओ ओउत्रो’, म्हणजे ‘एक दुसऱ्याला’, असे जोडतो. मराठीत ‘स्वतःला’ आणि ‘एकमेकांना’ हे मुळातच वेगळे असल्यामुळे हा घोटाळा होत नाही.

तिसऱ्या गटात ‘से’ क्रियापदाला असा जडलेला असतो, की तो काढला तर क्रियापदच उरत नाही. ‘केइशार-से’ म्हणजे तक्रार करणे, ‘आर्रेपेन्देर-से’ म्हणजे पश्चात्ताप होणे, ‘आत्रेवेर-से’ म्हणजे धजणे. यांत ‘स्वतःला’ असा अर्थ शोधू नये. ही क्रियापदे मनाच्या हालचालींची आहेत. मनात उठते आणि मनातच राहते ते सांगणारी. अशी क्रियापदे पाठ करताना ‘से’ आणि त्यामागून येणारे अव्यय एकत्रच पाठ करावे: ‘केइशार-से दे’, ‘आत्रेवेर-से आ’, ‘काझार-से कोम’. मराठीतही ‘लग्न होणे’ एवढे शिकून चालत नाही. ‘कोणाशी’ यातला ‘शी’ सोबत शिकावा लागतो.

चौथे काम आपोआप घडणाऱ्या क्रियांचे. ‘आ पोर्ता आब्रिउ-से’ म्हणजे दार उघडले. ‘ओ कोपो पार्तिउ-से’ म्हणजे पेला फुटला. ‘पार्तिर’ येथे फोडणे आहे, ‘से’ लागल्यावर फुटणे. मराठी हेच काम स्वर बदलून करते: फोडणे आणि फुटणे, तोडणे आणि तुटणे, जाळणे आणि जळणे, पाडणे आणि पडणे. घरात काचेचा पेला फुटला की मूल ‘मी फोडला’ असे म्हणत नाही. ‘फुटला’ असे म्हणते. जगातील सगळीच मुले तसे म्हणतात. पोर्तुगीज मूल त्यासाठी ‘से’चा आडोसा घेते, मराठी मूल ‘उ’काराचा. थोडे प्रामाणिक मूल ‘माझ्या हातून फुटला’ म्हणते. त्यालाही पोर्तुगीजमध्ये जागा आहे: ‘पार्तिउ-से-मे ओ कोपो’. ‘से’ने फुटण्याचा दोष पेल्यावर टाकला आणि ‘मे’ने त्यातला थोडा स्वतःकडे घेतला.

आठवण आणि विस्मरण यांचा विचार स्वतंत्रपणे करावा लागतो. ‘लेम्ब्रो-मे दा एस्कोला’ म्हणजे मला शाळा आठवते. दोन वाक्ये सारखी दिसतात, पण त्यांची जडणघडण वेगळी आहे. पोर्तुगीजमध्ये क्रियापद ‘मी’प्रमाणे चालते, आठवणारा कर्ता आहे. मराठीत ‘आठवते’ हे शाळेप्रमाणे चालते, आणि आठवणारा चतुर्थीत बाजूला बसतो: शाळा येते, मला भेटते. पोर्तुगीजच्या ग्रांथिक वळणात मात्र ‘एस्केसेउ-मे ओ नोमे’ अशीही रचना आढळते. तिच्यात नाव हा कर्ता आणि विसरणारा चतुर्थीतला. ‘मला नाव आठवत नाही’ म्हणणाऱ्या मराठी माणसाला ती लगेच जवळची वाटते.

पाचवे काम कर्ता झाकण्याचे, आणि येथे मराठी शाळेतील प्रयोगांचा धडा उपयोगी पडतो. घर विकाऊ असल्याची पाटी पोर्तुगीजमध्ये अशी असते: ‘वेन्दे-से काझा’. घरे अनेक असतील तर प्रमाण भाषेत ‘वेन्देम-से काझास’. क्रियापद घरांच्या वचनाप्रमाणे बदलले; मराठी वर्गात यालाच कर्मणी प्रयोग म्हणतात. ‘मुलांनी गाणी म्हटली’ यात ‘म्हटली’ हे गाण्यांकडे पाहून ठरते, मुलांकडे पाहून ठरत नाही. आता दुसरी पाटी पाहावी: ‘प्रेसीझा-से दे एम्प्रेगादोस’, नोकर पाहिजेत. नोकर अनेक, पण क्रियापद एकवचनी राहिले. कारण काय? नोकरांच्या अगोदर ‘दे’ हे अव्यय येऊन बसले, आणि त्याने क्रियापदाची वाट अडविली.

मराठीच्या वर्गात हा प्रकार प्रत्येकाने पाहिला आहे. ‘शिक्षकांनी मुली शोधल्या’ यात क्रियापद मुलींप्रमाणे. ‘शिक्षकांनी मुलींना शोधले’ यात ‘ना’ लागताच क्रियापद नपुंसकलिंगी एकवचनी झाले. हा भावे प्रयोग. कर्माला प्रत्यय लागला की क्रियापद त्याच्याकडे पाहणे सोडते, हा मराठीचा नियम; कर्माअगोदर अव्यय आले की क्रियापद एकवचनी राहते, हा पोर्तुगीजचा. पोर्तुगीज लिहिणारे लोकही ‘वेन्दे-से काझास’ असे लिहितात आणि त्यांच्या वैयाकरणांत त्यावर वाद होतात. कर्मणी आणि भावे हे दोन प्रयोग ज्याला मनापासून समजले आहेत, त्याला प्रमाण भाषेचा हा नियम एकदा सांगितला तरी पुरतो. इंग्रजीच्या वाटेने शिकणाऱ्याला मात्र तो आकाशातून पडल्यासारखा वाटतो, कारण इंग्रजीत भावे प्रयोगाला जवळची अशी जागाच नाही.

कर्ता झाकणाऱ्या ‘से’ला सरकारी कागद फार आवडतात. ‘आवीझा-से’ म्हणजे कळविण्यात येते. ‘पेदे-से सिलेन्सियो’ म्हणजे शांतता राखावी. कोण कळवितो, कोण शांतता मागतो, हे सांगण्याची गरज नसते. ‘सर्व पालकांना कळविण्यात येते की’ अशा सूचना वर्षानुवर्षे वाचलेल्या पालकांना ही रचना समजावून सांगण्याची आवश्यकता नाही.

आणखी एक बारकावा. ‘मी हात धुतो’ असे मराठी माणूस म्हणतो; ‘मी माझे हात धुतो’ असे म्हणत नाही. हात दुसऱ्याचे कसे असतील? पोर्तुगीजही ‘लावो आस माँउस’ असेच म्हणतो, ‘माझे’ न घालता. इंग्रजीला मात्र तेथे ‘माझे’ लागतेच. इंग्रजी वाक्य डोळ्यांपुढे ठेवून पोर्तुगीज लिहिणारा तेथे उगाच ‘माझे’ घालतो. मराठी वाक्यावरून निघालेला सरळ पोहोचतो.

उलटपक्षी, एका ठिकाणी मराठी पोर्तुगीजहून अधिक काटेकोर आहे. ‘राम आपल्या घरी गेला’ आणि ‘राम त्याच्या घरी गेला’ या वाक्यांत घर कोणाचे, हे मराठीत सहज वेगळे दाखविता येते: ‘आपल्या’ म्हटले की घर रामाचेच. लॅटिनमध्येही हा भेद होता. पोर्तुगीजचा ‘सेउ’ मात्र रामाचे, दुसऱ्या कोणाचे आणि समोर बसलेल्या आदरणीय माणसाचे, अशा तिन्ही घरांना चालतो. म्हणून नेमकेपणासाठी ‘देले’, म्हणजे ‘त्याचे’, हा वेगळा शब्द घ्यावा लागतो. इंग्रजीच्या सवयीने मराठी मुले हल्ली ‘आपल्या’च्या जागी ‘त्याच्या’ वापरू लागली आहेत. त्यात चूक एका शब्दाची दिसते. हरवतो तो अर्थाचा एक भेद, जो पोर्तुगीजने गमावला आणि मराठीने जपला.

राहिला प्रश्न ‘से’ कोठे ठेवावा याचा. पोर्तुगालच्या प्रमाण भाषेत साध्या विधानात तो क्रियापदानंतर जोडरेघ देऊन येतो: ‘लावा-से’. नकार आला की तो पुढे सरकतो: ‘नाँउ से लावा’. ‘के’ हे संबंधी अव्यय, प्रश्नार्थक शब्द, ‘जा’ म्हणजे ‘आता, आधीच’ आणि ‘सेम्प्रे’ म्हणजे ‘नेहमी’ अशी क्रियाविशेषणेही त्याला पुढे ओढतात. म्हणून स्वतःचे नाव सांगताना ‘शामो-मे’, पण प्रश्नात ‘कोमो से शामा’. आणि म्हणूनच रोमच्या त्या शीर्षकात ‘के’ आल्याने ‘से प्रातिका’. ‘आम्ही न्हातो’ म्हणताना ‘लावामोस’मधला अंत्य ‘स’ गळतो आणि ‘लावामो-नॉस’ होते. भविष्यकाळात तर जुन्या ग्रांथिक वळणाप्रमाणे हा शब्द क्रियापदाचे दोन तुकडे करून मध्ये बसतो: ‘लावार-से-आ’, तो न्हाईल. असे रूप आज बोलण्यात क्वचितच येते, पण जुन्या कागदांत आणि कायद्याच्या भाषेत भेटते, म्हणून ओळखता आले पाहिजे. ब्राझीलमध्ये बोलताना ‘मे’, ‘से’ बहुधा क्रियापदाआधीच येतात, ‘मे शामो’ असे. दोन्ही पद्धती आपापल्या जागी शुद्ध आहेत. गोव्याचे कागद वाचावयाचे असतील तर पोर्तुगालची पद्धत शिकावी. साओ पावलोत काम करावयाचे असेल तर ब्राझीलची.

एवढे सगळे एका ‘से’साठी सांगण्याचे कारण या शाळेच्या वयाशी संबंधित आहे. महाराष्ट्राबाहेर मराठी शाळा चालविताना साठ वर्षांत एक प्रश्न पुनःपुन्हा विचारला गेला असणार: मुलाला पुढे मराठीचा उपयोग काय? नोकरी इंग्रजीत, व्यवहार त्या त्या प्रांताच्या भाषेत. मग कर्मणी-भावे प्रयोग घोकून मिळणार काय? प्रश्न प्रामाणिक आहे आणि तो विचारणाऱ्या पालकांच्या मनात मुलाच्या भवितव्याची काळजी आहे. त्याला भावनेने उत्तर देणे पुरेसे नाही. मातृभाषेचे व्याकरण म्हणजे भाषा कशी चालते हे जाणण्याची पहिली संधी, हे त्याचे खरे उत्तर. ज्या मुलाने मराठीत कर्ता, कर्म आणि क्रिया यांची नाती उलगडून पाहिली, ते मूल पुढे पोर्तुगीज शिको, जर्मन शिको की तमिळ शिको, त्याच्या हातात चावी असते. हा शब्दही पोर्तुगीजांनी दिलेला, पण आता तो मराठीचाच आहे.

शेवटी ‘आपण’कडे यावे. शाळेत शिकविले जाते, की ‘स्वतः’ या अर्थी आला तर ‘आपण’ आत्मवाचक, आणि ‘आम्ही’ किंवा ‘तुम्ही’ या अर्थी आला तर पुरुषवाचक. ‘आत्मन्’पासून निघालेला हा शब्द प्रथम स्वतःपुरता होता, हळूहळू तो समोरच्याला आदराने हाक मारू लागला, आणि पुढे बोलणारा व ऐकणारा या दोघांना एकत्र घेऊ लागला. ‘स्वतः’पासून ‘आपण सारे’पर्यंतचा हा प्रवास पोर्तुगीज ‘से’ने केला नाही. तो कर्त्याकडे परतून तेथेच थांबला, किंवा कर्त्याला झाकून बसला.

१७७८ च्या त्या शीर्षकात मराठी ‘वापरली जाते’ असे म्हटले आहे, आणि वापरणाऱ्यांचे नाव नाही. पोर्तुगीज व्याकरणाला ती जागा रिकामी ठेवणे चालते. महाराष्ट्राबाहेर मराठी ‘वापरली जाते’ हे वाक्य मात्र आपोआप खरे राहत नाही. त्याला कर्ता लागतो. या शाळेच्या भिंतींत साठ वर्षे ती जागा शिक्षकांनी, विद्यार्थ्यांनी आणि पालकांनी भरली. पुढील वर्षांतही तेथे कोणी तरी असावे लागेल, आणि त्या कर्त्यासाठी मराठीत ‘आपण’ हा शब्द तयार आहे.